बेन्शी म्हणजे नक्की कोण? सभेतला वक्ता की मूकपटाचा गोष्टवाला?

निंबोणी
मंडळी, एक शंका आहे. सध्या मी एका जपानी लेखाचं मराठी भाषांतर करतेय. लेख मेइजी काळातल्या राजकीय सभांवर आहे, साधारण १८८० नंतरच्या. एका प्रसंगात सभा ऐन रंगात आलेली असते, व्यासपीठावरचा माणूस सरकारवर घसरतो आणि बाजूला बसलेला पोलीस उठून ओरडतो, 'बेन्शी, चूशी!' चूशी म्हणजे थांबवा, ते कळलं. पण बेन्शी म्हटलं की माझ्या डोळ्यांपुढे येतो तो मूकपटाच्या पडद्याशेजारी उभा राहून गोष्ट सांगणारा माणूस. आणि जपानमध्ये सिनेमा पोचला १८९६-९७ ला!

शब्दकोशात 'वक्ता' असाही अर्थ आहे, पण एका शब्दात उरकलाय. सभेतल्या वक्त्याचं नाव सिनेमावाल्याला कसं चिकटलं, हे कुणी सांगू शकेल का? आणि मराठीत काय लिहू? 'निवेदक' म्हटलं की मला दूरदर्शनच आठवतं.

योकोहामाकर
शब्द फोडला की बरंचसं सुटतं. 'बेन' म्हणजे बोलणं, बाजू मांडणं, वाद घालणं. 'शी' हा बुशी (सामुराई) मधला शी, म्हणजे एखाद्या विद्येत मुरलेला, पत असलेला माणूस. वकिलाला इथे 'बेन्गोशी' म्हणतात, त्यातलं पहिलं आणि शेवटचं अक्षर हेच. ओसाकाकडच्या बोलीला 'कान्साई-बेन' म्हणतात, तिथलाही बेन हाच. म्हणजे बेन्शी हा बोलण्यात तरबेज माणूस, सिनेमा नंतर आला. आजसुद्धा निवडणुकीत उमेदवारासाठी भाषण ठोकायला बाहेरून जो पुढारी येतो तो 'ओएन बेन्शी'. स्टेशनबाहेर गाडीच्या टपावर उभे असतात आणि आम्ही सकाळची लोकल पकडायला त्यांना वळसा घालून पळतो. वक्तृत्व स्पर्धेतलं शाळकरी पोरगंही बेन्शीच.

आगाऊ_कार्टं
मग बेंतो? डब्यातला भातही बाजू मांडतो का?

योकोहामाकर
@कार्टं, तू टिंगल केलीस पण प्रश्न चांगला आहे. १९४६ ला सरकारने अक्षरं सोपी केली तेव्हा वेगवेगळी किचकट अक्षरं एकाच सुटसुटीत 'बेन'मध्ये कोंबली. बोलण्याचा बेन, पारख करण्याचा बेन, पाकळीचा बेन, सगळे आता एकसारखे दिसतात. डब्यातला बेन बोलणाऱ्यांच्या घराण्यातला नाही. जुनी छपाई हाती लागली तर बेन्शीचा बेन लगेच ओळखू येतो, त्याच्या पोटात 'वाणी'चं चिन्ह असतं.

आगाऊ_कार्टं
दंडवत. आता डबा निर्धास्तपणे खातो.

खडूस_काका
निंबोणीताई, तुमच्या लेखातला प्रसंग त्या काळी नेहमीचाच. १८७४ ला इतागाकी ताइसुके आणि मंडळींनी लोकनियुक्त सभा हवी असा अर्ज सरकारकडे केला आणि 'जियू मिन्केन', म्हणजे स्वातंत्र्य आणि लोकहक्कांची चळवळ उभी राहिली. पाश्चात्त्य धर्तीचं जाहीर भाषण हीच तेव्हा नवलाई होती. फुकुझावा युकिचीने त्यासाठी 'एन्झेत्सू' हा शब्द रुळवला आणि १८७५ ला आपल्या केइओ विद्यालयाच्या आवारात केवळ भाषणांसाठी एक इमारत बांधून घेतली. ती अजून उभी आहे.

सरकारला हे झेपलं नाही. १८८० च्या कायद्याने सभेला आधी पोलिसांची परवानगी आणि वर सभेत पोलीस हजर. एखादं वाक्य खटकलं की 'बेन्शी, चूशी', फारच बिनसलं तर सभा बरखास्त. किशिदा तोशिको ही जेमतेम विशीची मुलगी १८८३ ला ओत्सूमध्ये भाषण करून थेट कोठडीत गेली. तिचा विषय काय होता? मुलींना पेटीत ठेवल्यासारखं वाढवू नका.

भाषणं बंद पाडू लागल्यावर या लोकांनी ती गाण्यातून म्हणायला सुरुवात केली. 'एन्का' हा शब्द तिथून आला. कावाकामी ओतोजिरो हा असाच पोलिसांनी पुनःपुन्हा उचललेला सभाबहाद्दर, तो पुढे 'ओप्पेकेपे' नावाचं टवाळ गाणं म्हणत रंगभूमीवर गेला आणि परदेशापर्यंत नाव काढलं. तेव्हा व्यासपीठ आणि रंगमंच यांच्यातली भिंत सिनेमा यायच्या आधीच पडली होती.

अबोली
काका, सुंदर माहिती. पण सिनेमाशी गाठ अजून पडली नाही. तमाशा थिएटरबाहेर ओरडणाऱ्याला कुणी 'वक्ते' म्हणत नाही ना?

रीळवाला
@अबोली, सुरुवातीला जपान्यांनीही म्हटलं नाही. पहिलं नाव 'कोजो-ई', म्हणजे खेळाआधी चार शब्द बोलणारा, जवळपास ललकारीवालाच. १८९६ च्या नोव्हेंबरात कोबेमध्ये एडिसनचं किनेटोस्कोप आलं. ते पेटीत डोळा लावून बघायचं यंत्र, एका वेळी एकच माणूस. तिथे उएदा होतेइकेन समजावून सांगायला होता आणि पहिला बेन्शी म्हणून बहुतेक वेळा त्याचंच नाव घेतात. पुढच्या फेब्रुवारीत ओसाकात ल्युमिएरचं यंत्र आलं. ते आणणारा इनाबाता कात्सुतारो मूळचा कापड रंगवण्याच्या धंद्यातला. शिकायला फ्रान्समध्ये ल्योंला होता, तिथे ऑग्युस्त ल्युमिएर त्याचा शाळासोबती!

आता धंद्याचं गणित बघा. एकेक फिल्म जेमतेम मिनिटभराची. तिकीट काढून आलेल्या माणसाला तेवढ्यावर घरी कसं पाठवणार? मग यंत्र काय आहे, एडिसन कोण, पॅरिस कुठे, गोरी माणसं अशी का चालतात, यावर लांबलचक बोलायचं, तोवर रीळ बदलायचं. बोलणं आधी आणि चित्र नंतर, असा तो खेळ असे. अंगात कोट, आव विद्वानाचा, विषय विज्ञान आणि परदेश. हे रूप लोकांना कुठे पाहिलेलं आठवणार? भाषणात! चित्रपटाला तेव्हा 'कात्सुदो शाशिन' म्हणत, म्हणजे हलती छायाचित्रं. त्यावर भाषण करणारा तो 'कात्सुदो बेन्शी'. कोमादा कोयो नावाचा एक महाभाग गावोगाव खेळ नेई, बोलण्यात सारखं 'अतिशय असाधारण' म्हणे आणि स्वतःला 'अतिशय असाधारण महापंडित' म्हणवून घेई.

पुढे त्याचं तोडून 'कात्सुबेन' झालं आणि त्या छोट्या रूपाला जरा स्वस्तपणाचा वास लागला. ज्यांना आपण कलावंत आहोत असं वाटे ते स्वतःला 'सेत्सुमेइशा' म्हणवून घेत, म्हणजे विशद करून सांगणारा. तेव्हा निंबोणी, एकाच माणसाची तीन-चार नावं आहेत. कोणतं वापरलंय त्यावरून लिहिणाऱ्याच्या मनात त्याची काय किंमत आहे ते कळतं.

सातारी_कंदी
वाखूसा! (वाचनखूण साठवली.)

न्यूजर्सीची_सून
मी प्रत्यक्ष पाहिलंय! २०२४ च्या एप्रिलमध्ये जपानचे बेन्शी अमेरिकेच्या दौऱ्यावर आले होते, तेव्हा ब्रूकलिनचा खेळ गाठला. नवऱ्याला 'मूकपट बघायला चल' म्हटलं तर तो झोपायच्या तयारीने आला.

पडद्याच्या बाजूला छोटं मेज, त्यावर दिवा, कागद आणि बेन्शी. दुसऱ्या बाजूला वादक. खेळ जपानीत, खाली इंग्रजी. मला वाटलं होतं की क्रिकेटच्या समालोचनासारखं असेल. तसं अजिबात नाही. म्हातारा बोलला की आवाज म्हाताऱ्याचा, पोरगी रडली की पोरीचा, मारामारीत श्वास लागलेला, आणि मध्येच स्वतःचा आवाज काढून प्रेक्षकांना एक टोमणा. पाच मिनिटांत मी त्याच्याकडे बघायचं विसरले, आवाज पडद्यातूनच यायला लागला. आणि मग एका ठिकाणी तो मुद्दाम गप्प बसला, नुसतं चित्र चालू. तिथे अख्खं सभागृह पुढे सरसावून बसलं. नवरा जागा होता, हे वेगळं सांगायला नको.

गोदाकाठ
सगळे कौतुक करताहेत म्हणून वेगळा सूर लावतो. मला ही परंपरा सिनेमाच्या वाटेतला धोंडा वाटते. चित्रपट स्वतः बोलायला शिकला पाहिजे, तर इथे शेजारी एक माणूस सतत बडबडतोय. जवळून घेतलेले चेहरे कशाला, मध्ये येणाऱ्या मजकुराच्या पाट्या कशाला, सगळं बेन्शी सांगतोच आहे! आणि हे माझं मत नव्हे, १९१० च्या दशकात खुद्द जपानमध्ये 'शुद्ध चित्रपट' चळवळ झाली. काएरियामा नोरिमासा आणि मंडळींचं म्हणणं हेच होतं. बायकांच्या भूमिका पुरुष करतात ते थांबवा, कॅमेरा नाटकाच्या प्रेक्षकासारखा एका जागी खिळवू नका, पाट्या वापरा आणि बेन्शीची मक्तेदारी मोडा. त्या काळी काही थिएटरांत तर चार-पाच जण मिळून नटनट्यांचे आवाज काढत. मग सिनेमा कशाला काढायचा, नाटकच करा की.

खडूस_काका
गोदाकाठ, मुद्दा दमदार पण अर्धा. जपानी प्रेक्षकाला 'दाखवणारा वेगळा, बोलणारा वेगळा' ही गोष्ट खटकण्याचं कारणच नव्हतं. बुन्राकू बाहुलीनाट्यात बाहुल्या मध्ये आणि बाजूला बसलेला तायू एकटा सगळ्या पात्रांचं बोलतो, सोबत शामिसेन हे तंतुवाद्य. देवळांत भिक्षू चित्रं दाखवून कथा सांगत, त्याला 'एतोकी' म्हणतात. मॅजिक लँटर्नचे खेळ होते, राकुगो आणि कोदानचे कथेकरी होते. यांच्या कानाला सवय होती, सिनेमाने फक्त नवं चित्र पुरवलं.

पिंगुळीचो_बाबल्या
मी काय म्हणतंय, आमच्या पिंगुळीक येवन बघलास कधी? ठाकर लोकांची चित्रकथी. पोथीतला एकेक चित्र म्होरे धरतत, वीणा, टाळ नि हुडूक वाजवतत आणि रामायणातली गजाल सांगतत. जपान्यांका पडदो गावलो, आमका गावलो नाय, इतकोच फरक.

रीळवाला
@बाबल्या, चित्रकथी आणि एतोकी या जोडीला माझा बिनशर्त पाठिंबा. पण 'इतकोच फरक' नाही हो. फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' १९१३ च्या मे महिन्यात गिरगावात कोरोनेशनला लागला तेव्हा गोष्ट सगळ्यांना तोंडपाठ होती. आपल्या मूकपटांच्या पाट्या एकापेक्षा जास्त भाषांत असत आणि ज्यांना वाचता येत नाही त्यांच्यासाठी कुणीतरी त्या मोठ्याने वाची. तो वाचणारा तारा झाला नाही, त्याचं नाव जाहिरातीत आलं नाही. जपानमध्ये उलटं. लोक 'आज कोणता सिनेमा' याइतकंच 'आज कोण बोलणार' हे विचारून थिएटर निवडत. आणि गंमत म्हणजे जपानात वाचता येणारे भरपूर होते, तेव्हा निरक्षरतेचं कारण तिथे पुरत नाही.

निंबोणी
हे सगळं फारच कामाचं आहे. म्हणजे पाटी वाचणारा आणि बेन्शी हे वेगळे धरायचे. एक विचारू? बेन्शी गोष्ट बदलूही शकत असे का?

खडूस_काका
बदलत म्हणजे? खालचं चित्र तेच ठेवून वरची गोष्ट पार फिरवत. एक किस्सा नेहमी सांगितला जातो. १९०८ ला फ्रेंच राज्यक्रांतीवरची एक फिल्म आली. राजाविरुद्ध प्रजा उठते, हे सम्राटाच्या देशात दाखवायचं कसं? पोलिसांची हरकत आली. मग म्हणे तीच फिल्म उत्तर अमेरिकेतली एक अजब कथा म्हणून लागली. सोळावा लुई झाला डोंगरातल्या दरोडेखोरांचा सरदार, आणि बास्तीयच्या तुरुंगावर चालून जाणारी जनता म्हणजे पोलिसांना मदत करणारे सज्जन नागरिक!

दुसरा किस्सा एडिसनच्या त्या प्रसिद्ध चुंबनाच्या फिल्मचा. जाहीर चुंबन बघून पोलीस अस्वस्थ. उएदाने शांतपणे सांगितलं म्हणतात, पाश्चात्त्यांत ही भेटल्यावर करायची रीत आहे, आपण पाठीवर थाप मारतो तशी.

आगाऊ_कार्टं
हहपुवा (हसून हसून पुरेवाट)! म्हणजे आमच्या कॉलेजच्या गॅदरिंगमधला 'हे दोघे फक्त मित्र आहेत' वाला निवेदक.

गोदाकाठ
हेच तर मी म्हणतोय! दिग्दर्शकाने काढलं एक, प्रेक्षकाने ऐकलं दुसरंच. याला कला म्हणायचं की फसवणूक?

रीळवाला
@गोदाकाठ, सुरुवातीच्या त्या खेळांवरून सगळ्यांना एका तराजूत घालू नका. १९२० च्या दशकातला बेन्शी वेगळा होता. तोकुगावा मुसेइ घ्या. जन्म १८९४ चा. तोकुगावा हे काही घराण्याचं नाव नव्हे. हा ज्या 'आओइ-कान' थिएटरात बोलायचा त्यातलं आओइचं पान तोकुगावा शोगुनांचं राजचिन्ह, म्हणून हे रंगनाव. मुसेइ म्हणजे स्वप्नातला आवाज. बाकीचे सुरात, यमकात घोळवून बोलत तेव्हा हा कमी बोले, हळू बोले. १९२१ ला 'डॉ. कालिगारी' जपानमध्ये लागला, त्या चक्रावून टाकणाऱ्या चित्रपटाने त्याचं नाव झालं. दिग्दर्शक किनुगासाचा 'कुरुत्ता इप्पेजी' १९२६ चा, त्यात एकही पाटी नाही, वेड्यांच्या इस्पितळात घडणारा. टोकियोत तो लागला तेव्हा बोलायला हाच. म्हणजे ज्या चित्रपटाला तुम्ही 'शुद्ध' म्हणाल तोही बेन्शीच्या भरवशावर उभा होता.

नोएल बर्च नावाच्या अभ्यासकाने तर उलटंच मांडलंय. त्याच्या मते गोष्ट सांगायचं ओझं बेन्शीने उचललं म्हणून जपानी दिग्दर्शकांचं चित्र मोकळं झालं, हॉलिवूडचे नियम पाळायची सक्ती राहिली नाही. मला तो फार पुढे गेलाय असं वाटतं. बेन्शीमुळे आळशी चित्रपटही खूप निघाले. पण 'धोंडा' या शब्दाला तो चांगलं उत्तर आहे.

गोदाकाठ
धोंडा मागे घेत नाही, पण जरा बाजूला सरकवतो.

अबोली
बायका होत्या का बेन्शी?

योकोहामाकर
होत्या. १९२७ च्या आकड्यांत ६,८१८ बेन्शी आहेत, त्यात १८० बायका. आजच्या सगळ्यात नावाजलेल्या बेन्शीही बाईच आहेत, सावातो मिदोरी. मात्सुदा शुन्सुइ यांच्या शिष्या, १९७३ पासून बोलतात. मात्सुदा लहानपणीच बेन्शी म्हणून उभे राहिलेले. युद्धानंतर त्यांनी जुने मूकपट जमवायला घेतले. ते नसते तर आज बघायला आणखी कमी उरलं असतं. १९५९ पासून त्यांची मंडळी टोकियोत मूकपटांचे नियमित खेळ करतात.

एक यामाझाकी वानिला म्हणून आहेत. त्या स्वतः ताइशोगोतो वाजवत वाजवत बोलतात.

सातारी_कंदी
एक मिनिट! ताइशोगोतो म्हणजे टंकलेखन यंत्रासारखी बटणं असलेलं तंतुवाद्य ना? अहो, ते आपलं बुलबुल तरंग! जपानमध्ये नागोयाला १९१२ ला निघालं, ते फिरत फिरत आपल्याकडे आलं आणि त्यालाच वीज जोडून गणपतीच्या मिरवणुकीतला बेंजो झाला. आमच्या गल्लीतली बेंजो पार्टी जपानी वंशाची आहे हे मी दर वर्षी सांगतो आणि दर वर्षी कुणी ऐकत नाही, कारण बेंजो चालू असतो.

योकोहामाकर
कंदीराव, इथे कुणा जपानी माणसाला 'आमच्याकडे बेंजो पार्टी असते' असं सांगू नका. जपानीत बेंजो म्हणजे शौचालय.

आगाऊ_कार्टं
मेलो!! 'यंदा आमच्या मंडळाने दोन बेंजो ठरवलेत, रात्रभर चालणार.'

सातारी_कंदी
खी खी खी. काका धाग्याला कुलूप लावायला सांगतील आता.

खडूस_काका
कुलूप नाही, पण गाडी रुळावर आणतो. निंबोणीताईंच्या लेखातला पोलीस सिनेमातही शिरला, हे कुणी सांगितलंच नाही. 'झिगोमार' नावाची एक फ्रेंच गुन्हेगारी फिल्म टोकियोच्या आसाकुसात तुफान चालली, पोरं रस्त्यात चोर-चोर खेळायला लागली, १९१२ ला टोकियोत तिच्यावर बंदी आली. त्यानंतर सरकारला सिनेमाची धास्ती बसली. १९१७ ला टोकियो पोलिसांनी नियमावली काढली. बायका एकीकडे, पुरुष दुसरीकडे, आणि बेन्शीला पोलिसांचा परवाना सक्तीचा. का? कारण चित्र आधी तपासून कापता येतं, पण ऐन खेळात माणूस काय बोलेल ते कसं कापणार?

म्हणजे शब्द सभेतून सिनेमात गेला तसा पोलीसही त्याच्या मागोमाग गेला.

रीळवाला
काकांना +१. कोरिया आणि तैवान जपानच्या ताब्यात होते तिथे तर हे थेट दिसतं. कोरियात बेन्शीला 'ब्योन्सा' म्हणत, त्याच अक्षरांचा कोरियन उच्चार. १९२६ ला ना उन-ग्यूचा 'आरिरांग' हा चित्रपट आला. पाटीवर जे लिहिता येत नव्हतं ते ब्योन्सा आवाजातून पोचवी. सभागृहात पोलीस बसलेला, तो असताना सावध बोलायचं, तो उठून गेला की सूर बदलायचा, असं सांगतात. तैवानमध्ये सांस्कृतिक संघाच्या लोकांनी फिरत्या खेळांचं पथकच काढलं होतं, चित्र परदेशी आणि बोलणं तैवानी भाषेत. तिथे १९३२ ला शांघायच्या एका चित्रपटाच्या जाहिरातीसाठी गाणं केलं गेलं, शब्द लिहिले झान त्येनमाने आणि चाल दिली वांग युनफेंगने. दोघेही बेन्शी! तैवानी भाषेतल्या लोकप्रिय गाण्यांची सुरुवात त्या गाण्यापासून धरतात.

गोदाकाठ
हे मला माहीत नव्हतं. या बाबतीत बेन्शीला सलाम.

रच्याकने (बाय द वे), 'फक्त जपान' असंही नाही. फ्रान्स, क्वेबेक, स्पेन, सगळीकडे सुरुवातीला असे सांगणारे होते. स्पॅनिश दिग्दर्शक बुन्युएलने लहानपणी सारागोसाच्या थिएटरात पाहिलेल्या 'एक्स्प्लिकादोर'बद्दल लिहिलंय. तिकडे ते लवकर ओसरले, जपानमध्ये वीस वर्षं जास्त टिकले, एवढंच.

न्यूजर्सीची_सून
मग संपले कसे? बोलपट आले आणि एका रात्रीत?

रीळवाला
एका रात्रीत नाही, म्हणूनच जास्त वाईट. १९२९ ला परदेशी बोलपट आले. भाषा कुणालाच कळेना, तेव्हा सुरुवातीला चित्रपटाचा आवाज बारीक करून बेन्शी त्याच्यावर बोलत. १९३१ च्या फेब्रुवारीत 'मोरोक्को' जपानी उपशीर्षकांसह लागला आणि त्यांच्या पायाखालची जमीन सरकली. त्याच वर्षी दिग्दर्शक गोशोने काढलेला, जपानचा पहिला पूर्ण बोलपट आला. (आपला 'आलम आरा'ही १९३१ चाच, मार्च महिन्यातला.) १९३२ ला बेन्शी आणि वादकांनी संप केले. हरले. पण छोट्या गावांत मूकपट चालूच होते, दिग्दर्शक ओझूने १९३६ पर्यंत बोलपट केला नाही. काही जण म्हणतात हा उशीर बेन्शींच्या ताकदीमुळे, काही म्हणतात ध्वनियंत्रं महाग होती म्हणून. मला दुसरं कारण जास्त वजनदार वाटतं. कलावंतांच्या ताकदीवर उद्योग इतकी वर्षं थांबल्याचं मी तरी पाहिलेलं नाही.

कुणी रेडिओवर गेले, कुणी कामिशिबाई घेऊन सायकलीवर रस्त्यारस्त्यात पोरांना चित्रं दाखवू लागले. ओत्सुजी शिरोने एकट्याने उभं राहून गमती सांगायचा 'मान्दान' हा प्रकार काढला. मुसेइ तर रेडिओवर आणखी मोठा झाला, १९३९ पासून त्याने वाचलेली मुसाशी या तलवारबाजाची कथा लोक कान लावून ऐकत. पण असे थोडेच.

अबोली
दिग्दर्शक अकिरा कुरोसावाचा भाऊ पण बेन्शी होता ना?

रीळवाला
हो, थोरला भाऊ हेइगो. रंगनाव सुदा तेइमेइ, परदेशी चित्रपटांवर बोले. अकिराला सिनेमा आणि रशियन कादंबऱ्या दाखवल्या त्यानेच. संपात तो पुढारी होता. १९३३ ला त्याने आयुष्य संपवलं, वय सत्तावीस. कुरोसावाने आत्मचरित्रात लिहिलंय की पुढे मुसेइने त्याच्याकडे निरखून बघत म्हटलं, तू अगदी भावासारखा आहेस, फक्त तो निगेटिव्ह होता आणि तू पॉझिटिव्ह. कुरोसावाचं म्हणणं, भाऊ आधी झाला म्हणून मी असा घडलो.

आगाऊ_कार्टं
यावर विनोद सुचत नाही.

निंबोणी
सगळ्यांचे आभार. आता मूळ प्रश्न. मी असं ठरवतेय: सभेच्या प्रसंगात सरळ 'वक्ता' लिहीन. सिनेमावाल्याला मात्र 'बेन्शी'च ठेवीन आणि पहिल्यांदा येईल तिथे अर्ध्या वाक्यात ओळख करून देईन. लेखाच्या शेवटी सिनेमाचा एक परिच्छेद आहे, तिथे दोन्ही एकत्र येतात.

गोदाकाठ
'पटकथी' कसं वाटतं? चित्रकथीवरून.

पिंगुळीचो_बाबल्या
ह्या बेस आसा!

खडूस_काका
शब्द गोड आहे, पण वाचकाला पटकथा लिहिणारा वाटेल. बेन्शीच ठेवा. सामुराईचं कुठे कुणी भाषांतर करतं?

योकोहामाकर
निंबोणी, माझी एकच सूचना. वक्ता लिहिणार असाल तर पोलिसाच्या तोंडी 'वक्त्यांनी कृपया थांबावे' असं काही घालू नका. ती आरोळी दोन शब्दांची आणि तोडून टाकणारी आहे.

निंबोणी
'बोलणं बंद!' केलंय सध्या. वक्ता हा शब्द आरोळीतून काढलाच. चालेल?

योकोहामाकर
मस्त. चालेल काय, धावेल.

निंबोणी
मग आणखी एक. पुढच्या पानावर तोच पोलीस 'बेन्शी, चूई!' म्हणतो. मला वाटलं छपाईची चूक आहे, चूशीचं चूई झालंय.

योकोहामाकर
चूक नाही. चूई म्हणजे सावध, ताकीद. आधी 'चूई' आणि तरी ऐकलं नाही तर 'चूशी', अशा दोन पायऱ्या असत. वक्त्यालाही ठाऊक असे की पहिल्या आरोळीनंतर अजून थोडं बोलता येतं. तुमच्या लेखात चूई पुढच्या पानावर असेल तर तो दुसऱ्या माणसाच्या भाषणात असणार, बघा.

निंबोणी
हो! दुसराच वक्ता उभा राहिलाय. आणि तो ताकीद मिळाल्यावर अख्खं पानभर बोलतोय.